पांढऱ्या खुणा पुसल्या त्या दुपारी

हे लिहावं की नाही, यावर मी चार महिने अडून बसले होते. आजवर माझ्या हातून जे काही लिहून झालं, ते सगळं कुणाच्या ना कुणाच्या विरोधात होतं. माझे बाबा कोराडीच्या वीज केंद्रात कोळसा उतरवणाऱ्या ठेक्यातले कामगार, आणि कामगारांची पत्रकं लिहिणारेही तेच. शाळेतून आलं की जमिनीवर फतकल मारून पत्रकांच्या घड्या घालायच्या, आणि घडी घालता घालता वाचायचं. माझं वाचन असं सुरू झालं. सोळाव्या वर्षी पहिलं पत्रक मी स्वतः लिहिलं. त्यात एक ओळ होती : "जिच्या कळसावर रोज राख पडते, तिला आपल्या छातीतली राख दिसत नाही काय?" आई दर मंगळवारी न चुकता कोराडीच्या देवीला जाणारी. ती ओळ वाचून ती दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. तिसऱ्या दिवशी ताटात भाकर टाकताना एवढंच म्हणाली, "तिले सारं दिसते वं. तुलेच नाई दिसत." मी हसले होते. बाबाही हसले होते, पण हसताना त्यांना खोकला आला आणि तो बराच वेळ थांबला नाही.

पुढे तो खोकला थांबेनासाच झाला. गेल्या दोन वर्षांपासून बाबा खाटेवर होते. उशाशी ऑक्सिजनचं मशीन, नाकात नळी. मी आयटीआयमधून मोटर मेकॅनिक झाले आणि रस्त्याकडेच्या आमच्या घरासमोरच पत्र्याखाली छोटं गॅरेज टाकलं. आमच्या वस्तीनं वर्गणी काढून एक जुनी व्हॅन घेतली होती, आजाऱ्यांना नागपूरला नेण्यासाठी. ती चालवायची मी आणि दुरुस्तही मीच करायची. तिच्या इंजिनाला मी दुसऱ्या कुणाचा हात लागू देत नसे. हा अभिमान होता, आणि त्याबद्दल मला कधी वाईट वाटलं नव्हतं.

त्या दिवशी मे महिन्यातला मंगळवार होता. व्हॅनचा टायमिंग बेल्ट कडेनं उसवत आलेला मी आदल्या आठवड्यातच पाहिला होता. बाबांची तब्येत दोन दिवस जरा बरी होती, म्हणून तो त्या दिवशी बदलायला घेतला. ज्यांना हे काम ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. इंजिनात खाली पिस्टन वरखाली होतात आणि वर व्हॉल्व्ह उघडमीट करतात. खालचं चाक आणि वरचं चाक या दोघांना बांधणारा दातेरी रबरी पट्टा म्हणजे हा बेल्ट. तो दोनतीन दात जरी चुकीचा बसला तरी पिस्टन वर येतो तेव्हा व्हॉल्व्ह उघडाच असतो, दोघं एकमेकांवर आदळतात आणि इंजिन संपतं. म्हणून बनवणाऱ्यानं दोन्ही चाकांवर बारीक खुणा कोरलेल्या असतात आणि त्यांच्यासमोर इंजिनाच्या अंगावर रेघ असते. खुणा रेघांना जुळवायच्या, मगच बेल्ट चढवायचा. पण त्या खुणा तेल आणि राखेच्या थराखाली गेलेल्या असतात. त्या शोधत कोण बसतो? आमच्याकडे रीत अशी, की जुना बेल्ट काढायच्या आधी चाकावर आणि त्याच्यासमोर व्हाइटनरचा ठिपका द्यायचा. आपली खूण आपल्याला दिसते, काम झटपट होतं. आधीचे ठिपके कुणी पुसत नाही. मीही पुसत नसे. मी माझे ठिपके दिले आणि बेल्ट काढला.

तेवढ्यात आतून आईची हाक आली. आजवर तिनं मला तशी हाक कधीच मारली नव्हती. बाबा खाटेवर उठून बसले होते, दोन्ही हात गुडघ्यांवर रोवून. ओठ निळे पडले होते. मशीन पूर्ण सोडलेलं असूनही त्यांना हवा पुरत नव्हती. रुग्णवाहिकेला फोन केला. गाड्या अपघातावर गेल्या आहेत, तासभर तरी लागेल, असं उत्तर आलं. वस्तीतले दोन ऑटो सकाळीच शहरात गेलेले. आई पदर सावरत रस्त्यावर धावली आणि येणाऱ्या कारला हात दाखवू लागली. दोन गाड्या काचा वर करून निघून गेल्या. तिसरी जरा हळू झाली, आत कुणीतरी आईकडे पाहिलं, आणि तीही गेली. माझ्याकडे प्रवासापुरता एक लहान सिलिंडर होता, आणि एक गाडी होती, जिचं इंजिन मी माझ्याच हातानं उघडून ठेवलं होतं.

आई परत आली ती देवीचं नाव घेतच. मी तिच्यावर ओरडले, "देवीले बेल्ट टाकता येते का?"

"तुले येते ना? मंग टाक!" आई म्हणाली आणि बाबांच्या पाठीला हात लावून बसली.

मी गाडीकडे पळाले. मधल्या गडबडीत वरचं चाक आपोआप थोडं सरकलं होतं. पांढरा ठिपका पाहिला, समोरच्या ठिपक्याला जुळवला, खालीही तसंच केलं, नवा बेल्ट चढवला, ताण दिला. अर्ध्या तासात झालं. बेल्ट टाकल्यावर चावी फिरवण्याआधी पाना लावून इंजिन हातानं दोन पूर्ण फेरे फिरवायचं असतं. हे मला पक्कं ठाऊक होतं. पण खिडकीतून बाबांचा श्वास ऐकू येत होता. करवत चालावी तसा. मी सीटवर बसले आणि चावी घातली. त्या क्षणी माझ्या तोंडून शब्द गेले, "आता तूच पाह्य." मी ते कुणाला म्हणाले? आजही खात्रीनं सांगू शकत नाही. घरात तसं बोलायची रीत फक्त आईची होती.

"हातानं फिरवलं का वं?"

पाठीमागे एक माणूस उभा होता. पन्नाशीचा असेल. हातात रिकामा डबा, खांद्यावर दुपट्टा, कपाळावर घामानं ओघळलेलं कुंकू. मागे रस्त्याच्या कडेला कोळशाचा ट्रक बोनेटमधून वाफा सोडत उभा होता. रेडिएटरसाठी तो पाणी मागायला आला होता.

"टाइम नाई भाऊ," मी म्हणाले. "बाबा आत मरून राहिले."

त्यानं खिडकीतून आत पाहिलं. "माही गाडी तापून बसली, नाई तर तिच्यातच घालून नेलं असतं. पण पोरी, बेल्ट बदलून सीधी चावी मारून राहिली? काहून? इंजिन बसलं तर बापाले खांद्यावर नेशील का? दोन चक्कर फिरव. मी पाह्यतो."

मला त्याचा राग आला. तरी खाली उतरले, खालच्या बोल्टला पाना लावला आणि फिरवू लागले. पाऊण फेरा गेला आणि पाना अडला. इंजिनात दाबलेल्या हवेचाही अडथळा लागतो, पण तो मऊ असतो, जोर धरून ठेवला की सुटतो. हा दगडासारखा होता. मी दोन्ही हातांनी जोर लावणार, इतक्यात त्यानं माझं मनगट धरलं.

"थांब. ते नाई म्हणून राहिलं ना? मंग जोर नको लावू."

त्यानं वाकून पाहिलं आणि तोंडातल्या तोंडात शिवी हासडली. चाकावर पांढरे ठिपके एक नव्हे, तीन होते. गेल्या दोन वेळचे जुने आणि एक माझा. घाईत मी भलताच ठिपका जुळवला होता. चावी फिरवली असती तर आठही व्हॉल्व्ह वाकले असते. आणि मी त्या इंजिनाची एकटी जाणकार होते.

"हे पांढरं सारं पुसून टाक," तो म्हणाला. "तुही खूण बी पुस. ज्यानं बनवलं त्याची खूण पाह्य."

त्यानं खांद्यावरचा दुपट्टा डिझेलमध्ये बुडवून माझ्या हातात दिला. मी पुसत गेले. व्हाइटनर गेला, खालचं तेल गेलं, त्याखालची राख गेली, आणि चाकाच्या कडेला तांदळाच्या दाण्याएवढी खाच दिसली. ती तिथेच होती. मी ते इंजिन चारदा उघडलं होतं आणि ती खाच एकदाही पाहिली नव्हती. चढवलेला बेल्ट मी पुन्हा उतरवला. मग तो सांगत गेला आणि मी करत गेले. "पहिले खालचं थोडं मांगं घे, पिस्टन खाली जाऊ दे. आता वरचं लाव. आता खालचं सावकाश आण. सावकाश म्हणजे सावकाश, म्हैस वळवून राहिली का तू?" बेल्ट बसला. पाना लावला. एक फेरा, दुसरा फेरा. कुठेच अडलं नाही. दोन्ही खाचा आपापल्या रेघांसमोर येऊन उभ्या राहिल्या.

बाबांना आम्ही तिघांनी चादरीवर उचलून व्हॅनमध्ये निजवलं. आई सिलिंडर मांडीवर घेऊन बसली. मी निघताना आरशात पाहिलं तर तो माणूस आमच्या नळावर डबा भरत होता. त्याला पाणीसुद्धा मी दिलं नव्हतं. नाव विचारलं नव्हतं. पुढे मी त्या रस्त्यावरच्या कितीतरी ट्रकवाल्यांना विचारलं. कुणालाच सांगता आलं नाही.

बाबा दवाखान्यात जिवंत पोहोचले. पुढे अकरा दिवस जगले. दुसऱ्या दिवशी मास्क लावल्यावर त्यांना थोडं बोलता येऊ लागलं, तेव्हा मी त्यांना सगळं सांगितलं. ते मास्कच्या आत हसले. "अवं, तो कामगार होता. कामगाराले कामगार भेटला. त्यात देवी कुठून आली?"

आई म्हणाली, "अन् त्याले आपल्याच दारात कोणं थांबवलं?"

"रेडिएटरनं," बाबा म्हणाले. आम्ही तिघंही हसलो, इतके की नर्स रागावली.

मला बाबांचं म्हणणं पटत होतं. उन्हाळ्यात त्या रस्त्यावर रोज ट्रक तापतात, रोज कुणीतरी पाणी मागायला येतं. हा युक्तिवाद मी स्वतः दहा पत्रकांत केला असता, आणि आजही तो खोडून काढायची माझी इच्छा नाही. पण तिसऱ्या दिवशी मी कुणाला न सांगता देवीच्या देवळात गेले. जन्मात पहिल्यांदा. हात जोडले नाहीत. साहेबाच्या केबिनमध्ये मोर्चाचं शिष्टमंडळ जातं तशी उभी राहिले आणि मनात म्हणाले, एक काम केलंस, आता दुसरंही कर, त्यांना घरी पाठव. रोज जाऊ लागले. रोज तीच मागणी, रोज आणखी चढ्या आवाजात. बाबांचा श्वास मात्र रोज थोडा थोडा उतरत होता.

आठव्या दिवशी डॉक्टरांनी घशात नळी घालून मशीनवर ठेवण्याबद्दल विचारलं. फायदा होईल याची त्यांना खात्री वाटत नव्हती, आणि तसं त्यांनी स्पष्ट सांगितलं. बाबांनी मानेनंच नाही म्हटलं. मी त्यांच्याशी भांडले. तुम्ही आम्हाला लढायला शिकवलंत आणि आता स्वतःच मागं सरता, असं मरणाऱ्या माणसाला मी म्हणाले. ते लिहिताना आजही लाज वाटते. बाबांनी बराच वेळ श्वास गोळा केला. "लढलो ना वं," ते म्हणाले. "आता छाती नाई म्हणते." त्यांनी माझा हात धरला. त्यांच्या बोटांत काहीही जोर नव्हता, पण माझ्या मनगटाला त्या दुपारी लागलेला तो दगडासारखा अडथळा जसाच्या तसा पुन्हा लागला. मी डॉक्टरांना नळी नको म्हणून सांगितलं. तशा कागदावर सही केली.

त्या संध्याकाळी मी देवळात गेले तेव्हा मागायला काही उरलं नव्हतं. मी नुसती उभी राहिले. किती वेळ, ठाऊक नाही. पहिल्यांदाच मला तिथे कुणाशी भांडत असल्यासारखं वाटलं नाही. रडू आलं, आणि ते मी आवरलं नाही.

बाबा पहाटे गेले, आई आणि मी दोघी जवळ असताना. जाण्याआधीच्या तीन दिवसांत ते मला माझ्या जन्माच्या वेळची गोष्ट सांगत होते, जरा जरा करून. त्यांनी आईची माफी मागितली, कशाबद्दल ते मी विचारलं नाही. आई त्यांना भाताची पेज चमच्यानं भरवत होती आणि ते तिच्या पेजेला नावं ठेवत होते. हे सगळं त्या मंगळवारी दुपारी, आमच्याच दारात, बंद पडलेल्या व्हॅनमध्ये संपलं असतं. माझ्या हातानं संपलं असतं.

त्या अकरा दिवसांसाठी मी देवीची ऋणी आहे. मला दुसरा शब्द सापडत नाही, आणि शोधायचाही नाही. माझ्या बुद्धीवर, माझ्या हातांवर माझा विश्वास अजूनही आहे. पण त्यांच्यापलीकडे कुणीतरी आहे आणि ते मला थांबवू शकतं, हे आता मला सोसतं. आधी सोसत नव्हतं. बाबांच्या छातीतल्या राखेबद्दल मात्र मी तिला काही विचारत नाही. ती राख माणसांनी दिली, जाब माणसांनाच विचारायचा आहे. तिला हात जोडून घरी येते, आणि तो जाब विचारणारं पत्रक लिहायला बसते.