सकाळचे दोन टुक

बेलवलीतल्या आमच्या घरी माझी सकाळ डोळ्यांआधी कानांना होते. थंडीत नदीवरचं धुकं खिडकीपर्यंत येतं, समोरची इमारत नाहीशी होते आणि मी गोधडीत अर्धी जागी, अर्धी कुठेतरी तरंगत पडलेली असते. बाहेरच्या खोलीत आई मेणबत्ती लावते. दोघांची बुद्धवंदना सुरू होते, आईचा सूर पुढे आणि बाबांचा मागून घरंगळत येणारा. त्या वर्षी वंदना संपली की गोळ्यांच्या स्ट्रिपचा आवाज यायचा. टुक. जरा थांबून दुसरा. टुक. त्या दुसऱ्या आवाजावर मला पुन्हा गाढ झोप लागायची. घरात सगळं ठीक आहे, असं वाटायचं.

पहिली गोळी बाबांची. अंबरनाथच्या कारखान्यातून रिटायर झाल्यावर वर्षभरातच त्यांना हार्ट अटॅक आला, स्टेंट बसला आणि रक्ताची गुठळी होऊ नये म्हणून डॉक्टरांनी रोज एक ॲस्पिरिन लिहून दिली. दुसरी गोळी आईची. ती कुणीच लिहून दिली नव्हती.

झालं असं, की समोरच्या इमारतीतल्या काकू मेथी निवडता निवडता हार्ट अटॅकनं गेल्या. आदल्याच दिवशी त्या आईशी जिन्यात गप्पा मारत उभ्या होत्या. दुधानं तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो. बाबा तर दुसऱ्याच्या पेल्यातलं ताकही फुंकू लागले.

"अगं, अटॅक येईपर्यंत मीपण ठणठणीतच होतो ना?" ते आपल्या स्ट्रिपमधली एक गोळी आईपुढे धरत म्हणाले. "उद्या पाणी येणार नाय म्हटल्यावर आपण आजच पिंप भरतो का नाय? तसंच हे."

आमचा आठवडा पाणी नसण्याच्या दिवसावरच चालतो. भरून ठेवलेलं वाया जात नाही, हे आम्ही बाराखडीच्या आधी शिकलेलो. मलाही पटलं. उल्हासनगरहून कामावरून येताना स्ट्रिपा मीच आणायची, एकीऐवजी दोन. खरं सांगते, मला त्यात मोठं प्रेम दिसायचं. मेणबत्तीच्या उजेडात दोघांचे पुढे केलेले तळहात आणि त्यावर दाण्याएवढी पांढरी गोळी. डॉक्टरला विचारावं असं तिघांपैकी एकाच्याही मनात आलं नाही.

आईला मधूनमधून चक्कर यायची, पोट जळायचं. "पित्त झालंय," म्हणायची आणि सरबत करून प्यायची. शौचाला डांबरासारखं काळं होतंय, हे तिनं लाजेनं कुणालाच सांगितलं नाही. एका सकाळी ती पिंपाजवळ बसली ती उठेचना. तिचे ओठ पांढरेफटक पडले होते.

त्यापुढचं मला पाण्याखालून पाहिल्यासारखं आठवतं. लांब हिरवट भिंत, सलाइनची नळी, कुणाचं तरी रक्त थेंबाथेंबानं आईत उतरतंय. सिंधी डॉक्टर होते, हळू आवाजात बोलणारे.

"हार्ट का तो कोई त्रास नहीं था. फिर ये गोली किसने लिखके दी, माताजी?"

"कुणी नाय. मीच घेत होते," आई म्हणाली.

"मी दिली," बाबा भिंतीकडे बघत म्हणाले.

त्या गोळीनं पोटात जखम होऊन आतल्या आत रक्त जात होतं. "साहेबांना ही गोळी पाहिजेच, चुकवायची नाही," डॉक्टर म्हणाले. "माताजींना नको. त्यांच्यासाठी फायदा कम, नुकसान ज्यादा."

आई घरी आली. पुन्हा धुकं, पुन्हा वंदना. मी गोधडीत कान लावून पडले. एकही टुक नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. तिसऱ्या दिवशी ताडकन उठले आणि बाबांची स्ट्रिप पाहिली. परवापासून तशीच होती. मी त्यांच्यावर आयुष्यात पहिल्यांदा ओरडले.

"स्टेंट बंद पडला म्हणजे? तुम्हाला मरायचंय का?"

"जिनं तुझ्या आईचं रक्त सांडलं," बाबा म्हणाले, "ती माझ्या घशाखाली उतरत नाय गं."

मला रडू फुटलं. त्या स्ट्रिपा तर मी आणलेल्या होत्या.

आई कॉटवर पडूनच ऐकत होती. "अहो, इकडे या," तिनं हाक मारली. स्ट्रिप माझ्या हातातून तिनंच घेतली. "मी जाऊ नये म्हणूनच दिली होतीत ना?"

बाबांनी मान हलवली.

"मग तुम्ही जाऊ नये असं मला नाय वाटत? हात करा पुढे."

तिच्या अंगठ्यात जोर नव्हता. दोनदा दाबूनही गोळी निघेना. बाबा हात पुढे करून तसेच उभे राहिले, मदत न करता.

आता रोज सकाळी स्ट्रिप आईच फोडते. धुक्यातून एकच टुक येतो. बरेच दिवस मी सवयीनं दुसऱ्याची वाट बघायची. आता तो येत नाही म्हणूनच मला झोप लागते.