ट्यूबलाइटखालचे गणपती

माझ्या बायकोलाही मी हे कधी सांगितलेलं नाही. रोह्याचे इस्माईलभाई फोटोग्राफी सोडून कुवेतला गेले ते माझ्यामुळे. गेल्या महिन्यात ते वारल्याचा फोन आला तेव्हा मी कारखान्यात मूर्ती रंगवत होतो. "बरं," एवढंच म्हणालो आणि ब्रश पाण्यात टाकला.

रंगीत रोल आमच्याकडे नुकताच येऊ लागला होता, तेव्हाची गोष्ट. इस्माईलभाई लग्न, बारसं, मिळेल तिथे कॅमेरा घेऊन जात, पण एरवी हात रिकामाच. कुवेतहून भावांचे निरोप यायचे, ये म्हणून. त्यांची रजिया तेव्हा नुकती चालायला लागलेली, त्यांचा पाय निघत नव्हता. हमरापूरला आमचा गणपतींचा कारखाना. व्यापाऱ्यांना दाखवायला अण्णांना, म्हणजे माझ्या वडिलांना, दरवर्षी मूर्तींचा अल्बम लागे. पहिला मनासारखा झाला तर हे काम कायमचं तुझं, असं अण्णांनी त्यांना सांगितलं होतं.

ठरल्या दिवशी अण्णा रंग आणायला पनवेलला गेलेले. इस्माईलभाईंनी अंगणात निळी चादर बांधली आणि मूर्ती एकेक करून उन्हात आणू म्हणाले. उचलून आणणारा मी एकटा, आणि शेजारच्या जिते गावात माझी क्रिकेटची मॅच. मी खोटंच म्हटलं, "अण्णा नाय म्हणालेत. आतच काढा."

त्यांनी वर ट्यूबलाइटकडे पाहिलं. "आत रंग फसंल रे," म्हणाले. पण अण्णांचा शब्द मोडणार कसा... चादर सोडून आत नेली.

फोटो धुऊन आले ते ट्यूबच्या उजेडाने सगळे हिरवट. अण्णांनी चारचौघांत विचारलं, "इस्माईल, माझ्या गणपतींना शेवाळ कुठनं धरलं? अंगण काय भाड्यानं दिलेलं?"

इस्माईलभाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी मान खाली घातली.

"चुकलं माझं, अण्णा," ते म्हणाले.

अल्बमचं काम दुसऱ्या स्टुडिओला गेलं आणि इस्माईलभाई कुवेतला. तिथे गोदामात राबले. परतले ते केस पिकल्यावर, आणि कॅमेऱ्याला पुन्हा हात लावला नाही. पेणच्या बाजारात भेटले की चहा पाजायचे, यंदा मूर्ती किती म्हणून विचारायचे. त्या दिवसाबद्दल अक्षर नाही. मी बोलेन म्हणून थांबत असतील, असं आता वाटतं...

त्यांच्या चाळिसाव्या दिवसाच्या जेवणाला रोह्याला गेलो. रजिया वाढता वाढता म्हणाली, "काका, अब्बा सांगायचे, ऐन वेळी माझाच हात चुकला, नायतर तुला सोडून गेलो नसतो." मी तसाच जेवलो.

ती चादर आमच्याकडेच राहिली होती. रंगवलेल्या मूर्तींवर धूळ बसू नये म्हणून अजून तीच टाकतो. काल धुऊन, घडी घालून ठेवली. हे छापून येण्याआधी ती घेऊन रोह्याला जायला हवं. तिच्या अब्बांचा हात चुकला नव्हता, एवढं रजियाला सांगणं माझ्याकडे बाकी आहे.