पळून जाण्याआधी आंधळगावला

साताऱ्याच्या स्टेशनावर गोंदियाची गाडी पकडायला निघाले तेव्हा शेजारणीला मी सांगितलं, मैत्रिणीकडे चालले आहे. चौपन्नाव्या वर्षी थाप मारून गाडीत बसायची थोडी लाज वाटत होती, आणि खरं सांगायचं तर मजाही वाटत होती.

मैत्रीण वगैरे कोणी नव्हती. सोबत मनोहरराव होते. पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले, मूळचे भंडारा जिल्ह्यातल्या आंधळगावचे, नोकरीमुळे साताऱ्यात आले आणि तिथलेच झाले. त्यांना मूलबाळ नाही. पत्नी जाऊन बरीच वर्षं झाली. माझे यजमान गेले त्यालाही आता काळ लोटला. सकाळी अजिंक्यतारा चढणाऱ्या मंडळींत आमची ओळख झाली आणि गेल्या पावसाळ्यात आम्ही लग्न करायचं ठरवलं. पुण्याला असणाऱ्या माझ्या मुलाजवळ, अमोलजवळ, मी विषय काढून पाहिला होता. तो म्हणाला, "आई, या वयात? मला यातलं काही सांगूच नकोस." मग आम्हीही ठरवलं की कोणालाच सांगायचं नाही. नोंदणी कार्यालयात जायचं, सह्या करायच्या आणि तिथूनच कोकणात निघून जायचं. याला पळून जाणंच म्हणतात.

मनोहरराव फक्त एका ठिकाणी अडले. "वहिनीला सांगितल्याशिवाय मला जमायचं नाही," ते म्हणाले. आई लहानपणीच गेली, तेव्हा थोरल्या भावाच्या बायकोनं त्यांना वाढवलं होतं. भाऊ आता नाहीत. आंधळगावचं घर आणि शेती वहिनीच बघतात.

दुसऱ्या दिवशी दुपारी गाडी विदर्भातून धावत असताना मी विचारलं, "आणि वहिनी नको म्हणाल्या तर?"

त्यांनी खिडकीबाहेर पाहिलं. "वर्धा गेलं वाटतं," ते म्हणाले.

हे उत्तर मला अजिबात आवडलं नाही.

भंडारा रोड स्टेशन शहरात नाही, वरठीला आहे. उतरल्यावर ऑटो करून भंडाऱ्याला आलो आणि एका लॉजवर दोन वेगळ्या खोल्या घेतल्या. सकाळी चौकातल्या टपरीवर पोहे मागितले. पोह्यांवर मालकानं हरभऱ्याची लालभडक तर्री (तिखट रस्सा) ओतली आणि विचारलं, "सांबार टाकू का जी?" मी म्हटलं, रस्सा आहे तेवढा पुरे. तो गोंधळला, मनोहरराव हसले. इकडे सांबार म्हणजे कोथिंबीर. तिखटानं डोळ्यांतून पाणी आलं, पण प्लेट मी संपवली.

पितळेच्या भांड्यांची दुकानं पाहिल्याशिवाय भंडारा सोडायचं नाही, असं मी ठरवून आले होते. एका दुकानात वहिनींसाठी गुंड (पाणी भरायचं भांडं) बघत होतो. दुकानदारानं बोटाच्या पेरानं ते वाजवून दाखवलं आणि विचारलं, "लग्नाचं हाय का?"

"नाही," मनोहरराव म्हणाले.

"हो," मी म्हणाले. दोन्ही उत्तरं एकाच वेळी गेली.

दुकानदारानं आळीपाळीनं दोघांकडे पाहिलं आणि गुंड कागदात गुंडाळायला घेतला.

आंधळगाव उत्तरेला, मोहाडी तालुक्यात. पण आधी नदी बघू, असं मनोहरराव म्हणाले, म्हणून पूल ओलांडून कारध्याला गेलो. माझ्या माहितीतल्या नद्या दगडांतून घाईनं उतरतात. वैनगंगा तशी नाही. ती रुंद, संथ, आपल्याच नादात पसरलेली. काठावर वांगी निवडत बसलेल्या एका बाईला मी विचारलं, पावसाळ्यात पाणी कुठवर येतं. तिनं मागच्या घरांकडे हात केला. "आमच्या चुलीपावतर येते जी. मंग जाते," असं म्हणून ती पुन्हा वांग्यांकडे वळली. मनोहरराव इतका वेळ उभे राहिले की मला कळलं, ते नदी बघायला आलेच नव्हते. त्यांना घरी जायला उशीर करायचा होता.

आंधळगावच्या एसटीत पाय ठेवायला जागा नव्हती. नव्या साड्या, तेल चोपडलेले केस, फुगे. शेवटी कंडक्टरकडून कारण कळलं. दिवाळीनंतर इकडे गावोगाव मंडई (जत्रेसारखा दिवस) भरते आणि नेमकी आज आंधळगावची होती. मनोहररावांच्या हे ध्यानातच नव्हतं. गर्दीमुळे बस गावाबाहेरच थांबली. बांध्यांमधला (भाताच्या खाचरांमधला) धान कापून झाला होता आणि त्याचे पुंजणे (रचलेले ढीग) उन्हात पिवळे दिसत होते. काखेत गुंड धरून त्यांच्यामधून मी चालत होते. एकांतात, शांतपणे सांगायची गोष्ट घेऊन आम्ही आलो होतो आणि सगळा तालुका आमच्यासोबत गावात शिरत होता.

घर पाहुण्यांनी भरलेलं होतं. वहिनी दारातच भेटल्या. उंच, वाळलेल्या, सत्तरी ओलांडलेल्या, पांढऱ्या केसांचा घट्ट अंबाडा. "भाऊजी, कवा आले? फोन नाई, काई नाई," त्या म्हणाल्या. मग माझ्याकडे पाहिलं. "ह्या कोन?"

"शाळेतल्या बाई हायेत. साताऱ्याच्या," मनोहरराव म्हणाले. साताऱ्यात पुस्तकी बोलणारा हा माणूस उंबरठा ओलांडताच पार झाडीपट्टीचा (या पूर्व विदर्भाचा) झाला होता. मी ऐकत राहिले. मी शाळेत भूगोल शिकवते हे खरंच. पण ती ओळख काही पुरी नव्हती.

जेवायला बायकांच्या पंगतीत बसले. भात, लाखोरीच्या डाळीचं वरण आणि ढेसाची (कमळाच्या देठाची) भाजी. देठ चावला की कुरकुरायचा आणि त्याचा बारीक धागा लांबत जायचा. तो कसा तोडायचा हे मी शेजारच्या बाईचं बघून शिकत होते. तेवढ्यात तिनंच विचारलं, "कोनासाठी पोरगी पाहाले आले?"

मला कळेना. वहिनींची सून छाया वाढत होती, तिनं सांगितलं, "मंडईले लोकं सोयरीक पाहाले येतेत ना, म्हून इचारून राहिली."

मी समोर पाहिलं. पुरुषांच्या पंगतीत मनोहरराव मान खाली घालून भात कालवत होते. हा माणूस आज काही बोलणार नाही आणि उद्या आम्ही तसेच परत जाऊ, असं मला स्पष्ट दिसलं. मी म्हणाले, "दुसऱ्या कोणासाठी नाही. माझंच लग्न ठरलंय. मनोहररावांशी."

माझ्या बाजूचं जेवण थांबलं. मग पलीकडचंही थांबलं. छायाच्या हातातला वरणाचा डाव तसाच राहिला. वहिनी शांतपणे म्हणाल्या, "वाढ पोरी, लोकं उपाशी हायेत."

पाहुणे दंडार (इकडचं लोकनाट्य) पाहायला गेले तेव्हा वहिनींनी आम्हा दोघांना आतल्या खोलीत बसवलं. मनोहररावांनी सगळं सांगितलं, नोंदणी कार्यालय, कोकण, कोणाला बोलवायचं नाही हेसुद्धा.

"चोरून कायले करता?" वहिनींनी विचारलं.

"लोकं हासतीन."

"लोकायचं मले नोका सांगू." त्या जराशा पुढे झाल्या. "एक सांगा भाऊजी. तुमी मले इचाराले आले, का सांगाले आले?"

गाडीत मी जे विचारलं होतं, तेच त्यांनी विचारलं. इथे खिडकी नव्हती. मनोहररावांनी कपाळ पुसलं. ते म्हणाले, "सांगाले आलो, वयनी."

वहिनी उठून बाहेर गेल्या. मनोहरराव लहान मुलासारखे रडले. त्यांच्या पाठीवर हात ठेवून मी बसून राहिले. मला वाईट वाटत होतं आणि त्याच वेळी इतका आनंद होत होता की तो लपवायला मी जमिनीकडे पाहत होते.

सकाळी वहिनींनी मला एकटीलाच हाक मारली. "चाला, बोडी दाखवतो." बोडी म्हणजे शेतातलं छोटं तळं. पाळीवर (बांधावर) बसलो. पाण्यात कमळाची वाळलेली पानं होती आणि पाणकोंबड्या त्यांवरून चालत होत्या. इथे बायकाही "मी जातो, मी करतो" असं बोलतात. ऐकायला मला फार गोड वाटत होतं.

"तुमचा पोरगा?" त्यांनी विचारलं.

"त्याला सांगितलेलं नाही. ऐकायचंच नाही म्हणाला."

"मंग तो लाजून राहिला, का तुमी?"

मी पाळीवरचं एक ढेकूळ उचलून पाण्यात टाकलं.

त्या पाण्याकडे पाहत म्हणाल्या, "आमचे गेले तवा मी तुमच्याहून लहान होतो. मले कोनी इचारलं नाई. मीनंबी कोनाले इचारलं नाई. आता तुमाले पाहून राहिलो." त्यात हेवा होता की राग, मला कळलं नाही. कदाचित दोन्ही नसेल. नुसतं पाहणंच असेल. मग त्यांनी विचारलं, "तुमाले धान कापता येते का?"

"नाही."

"शिका मंग." त्या गुडघ्यांवर हात देऊन उठल्या. "चोरीच्या लग्नाले मी येत नाई. सांगून करा, तं येतो. रेल्वेत बसाची लय इच्छा हाय माही."

परतीच्या गाडीत मनोहररावांना शांत झोप लागली. मी मात्र जागीच होते. नवा प्रदेश पाहायला निघालेल्या बाईनं नदी पाहिली, बोडी पाहिली, कमळाचा देठ खाल्ला. पण मनात राहिली ती वहिनींची नजर. आमच्या लग्नासाठी मी जी गुप्तता निवडली होती, ती खरोखर कोणासाठी होती, हा प्रश्न मला साताऱ्यात कधी पडला नव्हता. इतक्या लांब येऊन, दुसऱ्याच्या घरात, दुसऱ्याच्या बोलीत तो ऐकावा लागला.

बडनेऱ्याला गाडी थांबली तेव्हा मी अमोलला फोन लावला. मी कुठे आहे, कोणासोबत आहे, कधी लग्न करणार आहे आणि आंधळगावच्या वहिनी रेल्वेत बसून लग्नाला येणार आहेत, सगळं सरळ सांगून टाकलं. विचारलं काहीच नाही.

गाडी हलली. फोन कट झाला असावा असं वाटून मी तो कानापासून काढणार, तेवढ्यात अमोल म्हणाला, "त्या वहिनी एकट्या कशा येणार एवढ्या लांब? त्यांना कोणीतरी आणायला जायला हवं ना?"

"हो," मी म्हणाले, "जायला हवं."