बीपकाकांचे बावीस टूं

मागच्या भागातल्या शिव्यांच्या जागांची यादी मी या भागाच्या फायलीत घातली आणि आमच्या मालिकेतले सोज्वळ कोंबडेमंत्री एका संध्याकाळीत चावट ठरले.

मालिका कार्टूनची, पण मोठ्यांसाठीची. ती मी लिहितो. त्यातल्या शिव्यांवर ‘टूं’ बसवायचं काम बीपकाकांचं. अठरा वर्षं हा माणूस कानाला हेडफोन लावून दिवसभर शिव्या ऐकतोय, पण स्वतःच्या तोंडून कधी ‘गाढवा’सुद्धा निघालेलं नाही. "दुसरं मिनिट, विसावा सेकंद, आईवरची," एवढंच हळू आवाजात सांगतात. मापं पक्की. बापावरचीला अर्धा सेकंद, आईवरचीला पाऊण. "अर्धवट झाकलेली शिवी उघडीपेक्षा वाईट दिसते रे!"

या भागात मात्र शिवी औषधालाही नव्हती. पुलाच्या उद्घाटनाचं भाषण, नेतेमंडळींची नक्कल, बस्स. काकांचा फोन आला.

"अरे, यादीत बावीस जागा आहेत. इथं तर सगळं स्वच्छ आहे."

मी दाढी करत होतो. अर्ध्या तोंडाला फेस.

"यादीत आहे ना? मग झाका की, काका!"

काकांनी झाकलं. कोंबडेमंत्री घरोघरी गरजले, "बंधूंनो, मी तुमच्या गावाची टूं करणार! माझ्या वडिलांनीही केली! तुम्ही फक्त मला तुमची टूं द्या!"

सकाळी निर्मात्या बाईंनी दोघांना बोलावलं. दाराबाहेर काका हेडफोनची वायर गुंडाळत उभे होते.

"काढणार मला. या वयात कोण ठेवणार? शिव्या ऐकण्याशिवाय मला येतं काय?"

"काका, माझी चूक आहे, मीच सांगतो," मी म्हणालो. अगदी मनापासून. आत शिरलो, काका मागोमाग. "बाई, ही जी चूक..."

"चूक? अहो, लोक लोळताहेत हसून! आजवरचा सगळ्यात भारी भाग! कुणाच्या डोक्यातून निघालं हे?"

माझी जीभ जागच्या जागी वळली. "माझ्याच."

बाईंनी माझी पाठ थोपटली आणि काकांना फर्मावलं, यापुढे दर भागात असेच टूं हवेत. काकांची नोकरी वाचली. माझी अब्रू गेली, पण फक्त काकांपुढे.

बाहेर आल्यावर मी ओशाळून म्हणालो, "काका, शाबासकी मी लाटली, कबूल. पण शेवटी भाषण तर माझंच होतं ना?"

"हो. झाकलं तेवढंच चांगलं होतं."