भामाबाईंचं अर्धं वाक्य

नारायणगुड्याच्या त्या गल्लीत नामदेवरावांना एखादी गोष्ट माहीत नाही, असं कुणी कधी ऐकलं नव्हतं. बसचा नंबर असो, टायफॉइडचं पथ्य असो, की दिल्लीतलं सरकार किती दिवस टिकणार असो; विचारणाऱ्याचा प्रश्न पुरा व्हायच्या आत उत्तर हजर. ते बरोबरच असलं पाहिजे, असा मात्र त्यांचा हट्ट नसे. भालकीकडची शेती भावाच्या गळ्यात घालून ते तरणेपणी हैद्राबादला आले आणि गुलनार टॉकीजच्या दारात बॅटरी घेऊन उभे राहिले, ते रिटायर होईपर्यंत. अंधारात लोकांना वाट दाखवणाऱ्या माणसाला उजेडातही तीच सवय लागत असावी.

त्यांच्या पत्नी भामाबाईही गुलनारमध्येच, पण जनान्यात. बायकांची बसायची जागा वेगळी, वरच्या अंगाला, आणि तिच्यापुढे मरून रंगाचा जाड पडदा. दिवे गेले की भामाबाई दोरी ओढून तो उघडत आणि सिनेमा संपून दिवे लागायच्या आत बंद करत, म्हणजे खालच्या पुरुषांच्या माना वर वळायला नकोत. जरा उशीर झाला की बुरख्यातल्या बेगमा आणि जरीकाठातल्या वकिलीणबाई एका सुरात ओरडत. त्यामुळे नायक-नायिका शेवटचे एकमेकांकडे धावायला लागले, की भामाबाईंची पाठ सिनेमाकडे आणि दोन्ही हात दोरीवर. पुढे काळ बदलला, पडदा गेला, जनान्याचं 'लेडीज' झालं. तेव्हा शेवटाच्या आधी जाऊन दारं उघडायचं काम आलं. शेवट काही त्यांच्या वाट्याला आला नाही. तो नामदेवराव घरी परतताना रस्त्यानं सांगत. कोण मेला, कोणाला पश्चात्ताप झाला, सगळं साभिनय. भामाबाई "हं, हं" करत ऐकत.

त्यांच्या संसारात बोलण्याची वाटणी अशी पहिल्यापासून झाली होती. भाजीवाली म्हणायची, "अम्मा, वांगी देऊ?" तर नामदेवराव म्हणायचे, "तिला वांगी चालत नाहीत." डॉक्टर भामाबाईंना विचारत, "कुठं दुखतंय?" आणि नामदेवराव सांगत. जीभ तेवढी त्यांना स्वतः दाखवावी लागे. यात दुष्टावा नव्हता. बायकोला बोलायचा त्रास पडू नये, असंच त्यांना मनापासून वाटत असे.

गच्चीगच्चीवर डिश अँटेना उगवायला लागल्या, त्या दिवसांत गुलनार विकली गेली. तिथं शॉपिंग कॉम्प्लेक्स होणार होतं. पाडापाडीच्या आधी अमृता नावाची एक मुलगी कॅमेरा घेऊन टॉकीजवर आली आणि तिनं या दोघांना तिथं बोलावून घेतलं. आबिड्सच्या एका जुन्या मराठी वकिलांची नात. बोलायची मराठी, अडली की दख्खनी उर्दूत शिरायची. ती एका नव्या चॅनलसाठी शहरातल्या जुन्या टॉकीजवर मालिका करत होती, दर रविवारी एक टॉकीज.

"काकू, मला जनान्याचं सांगा ना," ती भामाबाईंना म्हणाली. "पडदा ओढणारं कुणी बी नै मिलरा."

भामाबाईंनी पदर सारखा केला. ठेवणीतली इरकल नेसून आल्या होत्या त्या. आणि नामदेवराव म्हणाले, "मी सांगतो. त्या वेळी असं होतं बघ..."

कॅमेरा त्यांच्याकडे वळला आणि दुपारभर वळलेलाच राहिला.

पुढे संक्रांतीच्या आधी भामाबाईंच्या छातीत कळ आली. दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, "आधी कधी असं झालं होतं?" नामदेवराव म्हणाले, "छे हो, कधीच नाही." भामाबाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. ते पाहणं नामदेवरावांना नंतर आठवत राहिलं. तेव्हा मात्र ते स्ट्रेचर कसं धरावं, हे वॉर्डबॉयला समजावत होते. दिवस उजाडायच्या आत भामाबाई गेल्या.

घरात त्यांचे दोनच फोटो होते. एक लग्नातला, त्यात डोक्यावरून पदर आणि खाली घातलेली मान. दुसरा मतदार कार्डावरचा, त्यात कुठलीही बाई आरोपी दिसते तशा त्याही दिसत. ज्या माणसाची हयात हलत्या चित्रांपाशी गेली, त्याच्याकडे बायकोचं हलतं चित्र एकही नव्हतं. होतं ते अमृताकडे. म्हणून गुलनारचा भाग लागणार, असं कळल्यावर नामदेवरावांनी केबलवाल्याकडे इतक्या खेपा घातल्या, की तो त्यांना पाहून सायकल वळवायला लागला.

त्या रविवारी खोली भरली. मुलगी योगिनी सासरहून आली. शेजारचे जब्बारभाई खुर्ची घेऊनच आले.

भाग सुरू झाला. गुलनारची कमान, तिकिटाची खिडकी, आणि मग नामदेवराव. नामदेवराव बोलतायत, हातवारे करतायत, हसतायत. "मियाँ, हीरो दिखरे तुम!" जब्बारभाई म्हणाले. नामदेवरावांना स्वतःचं काही बघायचं नव्हतं. त्यांचा डोळा चौकटीच्या कडांवर होता. एकदा इरकलीचा काठ आला आणि गेला. एकदा चहाचा कप पुढे करणारा हात आला.

आणि मग एकदम भामाबाई आल्या. पूर्ण चेहरा, नाकातली चमकी, सगळं. अमृताकडे बघत म्हणाल्या, "मी इतकी वर्षं तिथं होते, पण मला एकदा..."

"तिला काय म्हणायचंय, मी सांगतो," चौकटीबाहेरून आवाज आला, आणि कॅमेरा वळला.

खोली हसली. "क्या मियाँ! भाभी का मुँह बी नै खुलने दिये!" जब्बारभाईंनी मांडीवर थाप मारली. सवयीनं नामदेवरावही हसले. मग हसायचे थांबले. योगिनी हसली नव्हती.

दुसऱ्या दिवशी ते बसनं कुकटपल्लीला गेले. तिथं एका गाळ्यात अमृताचं एडिटिंगचं काम चाले.

"पुढचं कापलंत ना तुम्ही?" ते म्हणाले. "ती पुढं काय बोलली, ते ऐकायचंय मला."

अमृता जरा घुटमळली. "काका, कापलं नाही हो. बघा तुम्हीच." तिनं पूर्ण टेप लावली.

टेपवर अमृतानं पुन्हा विचारलेलं होतं. "काकू, तुम्ही काही सांगत होतात." भामाबाई म्हणाल्या, "हां, ते मला एकदा..." आणि नामदेवरावांचा आवाज, "अगं, इंटरवलचं सांग, बेगमांना पान कुठून जायचं ते. थांब, मीच सांगतो."

अमृतानं तिसऱ्यांदाही विचारलं होतं. पोरगी चिकाटीची होती. या खेपेला कुणी मधे बोललं नाही. भामाबाईंनी बाजूला पाहिलं, जिथं नामदेवराव उभे होते तिथं, आणि हसून म्हणाल्या, "ते सांगतील की."

मग उठून त्यांनी ती जुनी दोरी ओढून दाखवली. पडदा नव्हताच. रिकामी कप्पी तेवढी कुरकुरली.

"परत लाव," नामदेवराव म्हणाले. तिनं लावली. "परत."

"काका," अमृता हळूच म्हणाली, "काकूंना काय म्हणायचं होतं?"

"पडद्याचंच असेल काहीतरी," ते म्हणाले. खोटं बोलताना त्यांचा आवाज नेहमी मोठा असे. आज तो अमृतालाही नीट ऐकू गेला नाही.

बसमध्ये त्यांनी कितीतरी शेवट लावून पाहिले. मला एकदा शेवट बघायचा होता. मला एकदा खाली खुर्चीत बसायचं होतं. मला एकदा तुमच्या तोंडून न ऐकता... इथं त्यांनी खिडकीबाहेर बघायला सुरुवात केली. प्रत्येक शेवट त्यांच्याच आवाजात येत होता. भामाबाईंच्या आवाजात एकही येईना.

घरी योगिनीनं दार उघडलं. "मिळालं, अप्पा? काय म्हणत होती आई?"

नामदेवरावांनी सवयीनं तोंड उघडलं.

योगिनी उत्तराची वाट बघत दारातच उभी राहिली. या घरात उत्तराला एवढा वेळ कधी लागला नव्हता.