मुक्या सिनेमाचं धावतं वर्णन

गप्प बसण्याची कला परमेश्वराने माझ्या साडूंना दिलेलीच नव्हती. कोल्हापूरच्या तालमीत वाढलेला हा माणूस सिंगापुरात एका बँकेत हिशेब तपासायचा, पण खरा जीव बोलण्यात. बेडोकच्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे तिथल्या खाऊगल्लीत, शेजारच्या टेबलावरच्यांनी काय मागवायला हवं होतं इथपासून लिफ्ट कुठल्या मजल्यावर अडली असेल इथपर्यंत सगळ्याचं धावतं वर्णन चालू. थिएटरात तर लोक जागा बदलून बसत.

त्या वर्षी बँकेने त्यांचा विभागच बंद केला. दुसरी नोकरी मिळेना, तिथे राहण्याचा पास संपत आला, कोल्हापूरला परतायचं ठरलं. आणि जगाशी बोलणाऱ्या या गृहस्थांना, इथेच वाढलेल्या आपल्या मुलीला तेवढं एक सांगता येईना. "उद्या सांगतो," असं ते माझ्या मेव्हणीला रोज म्हणत.

दर रविवारी आम्ही त्यांच्याकडे जमायचो. अशाच एका रविवारी त्यांनी लायब्ररीतून एका जपानी मूकपटाची डीव्हीडी आणली. सुमो पैलवानांची गोष्ट, संवादाच्या पाट्या जपानी, आम्हाला कुणालाच वाचता येईनात. साडूंना रान मोकळं! पैलवानाने रिंगणात मीठ फेकलं. "दृष्ट काढतोय," साडूंनी जाहीर केलं. लगेच दुसऱ्याने त्याला रिंगणाबाहेर ढकललं.

"तो लॉस्ट, पप्पा. बाहेर गेला म्हणजे आउट, लाह," मुलगी तिच्या सिंगापुरी ढंगात म्हणाली.

"पाठ टेकली का त्याची? नाही ना? मग कुस्ती चालू!"

नायक पुढे आणखी बऱ्याचदा बाहेर गेला. साडूंच्या हिशेबी एकदाही हरला नाही.

"अहो, मुका सिनेमा आहे, मुकाच बघू द्या की," मेव्हणी करवादली.

शेवटी त्या पैलवानाचा निवृत्तीचा दिवस आला. ओळखीपाळखीचे लोक एकेक करून पुढे येत आणि त्याच्या केसांच्या बुचड्याला कात्री लावत. साडू पुढे वाकले. मग हलक्या आवाजात म्हणाले, "आता तो गावी जाणार. बायकोला, पोरीला घेऊन."

मुलगी त्यांच्याकडे वळली. "पोरीला विचारलं त्याने?"

"धीर होत नव्हता गं त्याला."

तिने टीव्हीकडे तोंड फिरवलं. डोळे भरले होते. "रडेल ती," ती म्हणाली, "पण जाईल."

साडूंनी तिला जवळ ओढलं आणि एक शब्द बोलले नाहीत. ती मंडळी कोल्हापूरला गेल्याला आता काही वर्षं झाली. रविवारी मला अजून चुकल्याचुकल्यासारखं होतं.