उपरण्याखालचा हप्ता

बँकेच्या पायरीवर अण्णांनी खांद्यावरचं उपरणं झटकलं. उपरणं झटकलं की माझे वडील कामाला लागले असं समजायचं. घोडेगावच्या जनावरांच्या बाजारात त्यांची हयात दलालीत गेली. सौदा कसलाही असो, आधी ते असंच करतात. फरक इतकाच की ही बँक कोपरगावातली होती आणि सौदा बैलजोडीचा नव्हता, माझ्या धाकट्या बहिणीच्या घराच्या कर्जाचा होता.

बहीण आणि तिचा नवरा आमच्या पुढे चालत होते. तो साखर कारखान्यात फिटर आहे. त्यानं स्वतः फोन करून अण्णांना बोलावलं होतं. "मामा, तुमच्याशिवाय बँकेची पायरी चढायची नाही," असं म्हणाला. जावयानं असा मान दिल्यावर अण्णा गुडघ्याचं दुखणं विसरले. डॉक्टरांनी उभं राहू नका म्हणून सांगितलेलं, आईनं या दिवाळीनंतर बाजार बंद म्हणून शपथ घातलेली, पण अण्णा सकाळी सहाच्या एसटीला तयार.

हा मान त्यांना मिळाला तो माझ्यामुळे. सहा वर्षांपूर्वी मी नगरच्या एमआयडीसीत नोकरीला असताना (अजूनही तिथंच आहे) शहराबाहेर एक घर बघितलं. पंचवीस लाखांचं कर्ज. बँकेच्या साहेबांनी पंधरा वर्षांचा हिशेब मांडून महिना पंचवीस हजारांच्या थोडा वर हप्ता सांगितला आणि मी पगाराची स्लिप पुन्हा उलगडून बघितली. अण्णा सोबत होते. ते खुर्चीत जरा पुढे सरकले आणि म्हणाले, "साहेब, एकवीस करा." मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. बँकेत का घासाघीस करतात! पण साहेबांनी दोन-चार कळा दाबल्या आणि म्हणाले, "बसतं बाबा एकवीसच्या आत. मुदत पंचवीस वर्षं करावी लागेल." अण्णा हसले. साहेब हसले. मीही हसलो, कारण माझे दरमहा चार हजार वाचले होते.

साहेबांनी काही लपवलं नव्हतं, हे इथंच सांगून टाकतो. मुदत वाढली असं ते तोंडानं स्पष्ट बोलले होते. आम्हीच ते ऐकलं नाही. बाजारात माणूस दाम ऐकतो. बैलाचा दाम ठरला, इसार दिला, की उरलेले पैसे कधी द्यायचे ही नंतरची गोष्ट, आणि जितकी लांब तितकी घेणाऱ्याची सोय. अण्णांनी तीच नजर लावली. हप्त्यालाच ते दाम समजले आणि दाम पाडून आणला. पुढची सहा वर्षं ही कथा त्यांनी प्रत्येक लग्नात, प्रत्येक दहाव्याला सांगितली. दर वेळी साहेब थोडे जास्त घामाघूम व्हायचे.

मग या गेल्या महिन्यात आमच्या कंपनीत ओव्हरटाइम बंद झाला. अठ्ठावन्नाव्या वर्षी घरी पाठवतात तिथं, आणि मी चव्वेचाळीस वर्षांचा आहे. म्हटलं, कर्ज किती राहिलं ते तरी विचारून येऊ. काउंटरवरच्या मुलीनं आकडा सांगितला आणि मी तिच्यावर आवाज चढवला. सहा वर्षांत मी पंधरा लाख भरले होते. कर्ज कमी झालं होतं जेमतेम दोन लाखांनी.

"तुमच्या मशीनमध्ये घोळ आहे," मी म्हणालो. मागचे लोक बघायला लागले.

ती शांतपणे म्हणाली, "सर, पंचवीस लाखांचं एका महिन्याचं व्याज पावणेएकोणीस हजार होतं. तुमचा हप्ता एकवीस. आधी व्याज वळतं होतं, उरलेलं मुद्दलात. म्हणजे सुरुवातीला महिन्याला दोन हजार फिटत होते."

मी मनात पंचवीस हजारांचा हप्ता धरला. तेव्हा तो ठेवला असता तर सहा हजारांच्या वर मुद्दलात गेले असते, तिप्पट. व्याज तर तेवढंच राहणार होतं. अण्णांनी कापलेले चार हजार बँकेच्या वाट्याचे नव्हतेच, ते सगळे माझ्या मुद्दलाच्या वाट्याचे होते. त्या मुलीनं पुढचंही सांगितलं. असंच चाललं तर पंचवीस लाखांच्या घराचे मी त्रेसष्ट लाख देणार आणि शेवटचा हप्ता भरेन तेव्हा त्रेसष्ट वर्षांचा असेन, नोकरी सुटून पाच वर्षं झालेला. पंधरा वर्षांत भरलं असतं तर पंचेचाळीस-सेहेचाळीस लाखांत सुटलो असतो. मी तिची माफी मागितली. बाहेर येऊन मोटारसायकलवर बसलो, पण किल्ली फिरवायची आठवण राहिली नाही.

अण्णांचा राग आला का? आला. फार आला. आणि त्या रागाची लाजही वाटली, कारण सही माझी होती आणि शिकलेला मी होतो.

घरी बायकोला सांगितलं. ती म्हणाली, "अण्णांना यातलं काही बोलू नका. या वयात कशाला." मलाही तेच सोयीचं होतं. आणि नेमका दोन दिवसांनी जावयाचा अण्णांना फोन. वीस लाखांचं कर्ज, आणि मामांनी हप्ता पाडून द्यावा.

आता मात्र गप्प राहणं म्हणजे बहिणीला त्याच खड्ड्यात ढकलणं होतं. रविवारी गावाला गेलो. अण्णा ओट्यावर शेजाऱ्याला माझ्याच बँकेची गोष्ट सांगत होते. चहा पिऊन परत आलो. बहिणीला फोन केला, "नीट विचार करून घ्या गं." ती म्हणाली, "अण्णा हायेत ना, दादा." तिला खरं सांगितलं असतं तर ते नवऱ्याच्या कानावर गेलं असतं. जावयापुढे सासऱ्याची मान खाली जाणं काय असतं, ते आमच्याकडं कुणाला समजवावं लागत नाही. शेवटी ठरवलं, कोपरगावच्या एसटीत सांगू. एसटीत अण्णा कंडक्टरशी म्हशींच्या भावावर बोलत राहिले आणि मी खिडकीतून ऊस बघत राहिलो. असा शूर मी.

तर आम्ही साहेबांपुढे बसलो. जावई, बहीण, अण्णा आणि कडेला मी. उपरणं अण्णांच्या मांडीवर.

साहेब तरुण होते. म्हणाले, "पंधरा वर्षांसाठी वीस हजार तीनशेच्या आसपास हप्ता बसेल."

"सोळा," अण्णा म्हणाले.

जावयानं बायकोकडं बघून भुवई उडवली. साहेबांच्या चेहऱ्यावर तेच हसू आलं, जे मी सहा वर्षांपूर्वी बघितलं होतं.

"सोळा नाही होणार बाबा. पंचवीस वर्षं केली तर सतराच्या आत बसवतो."

"बसवा. वर्षांचं काय, ती कुनासाठी थांबत्यात का!"

जावई हसला. साहेबांनी अर्ज त्याच्यापुढे सरकवला, कुठं सही करायची तिथं बोट ठेवलं. जावयानं खिशातलं पेन काढलं. तोंड उघडलं तर अण्णांचा कचरा होणार होता, तोही कोणापुढे, तर जावयापुढे. नाही उघडलं तर बहीण पंचवीस वर्षं अडकणार होती. पेनाचं टोपण निघालं.

मी हात अण्णांच्या मांडीवरच्या उपरण्याखाली घातला.

ज्यांनी जनावरांचा बाजार बघितला नाही त्यांच्यासाठी सांगतो. तिथं भाव तोंडानं बोलत नाहीत. दोघं उपरण्याखाली हात घालतात आणि बोटं दाबून आकडा सांगतात. दोन बोटं म्हणजे दोन, पंजा म्हणजे पाच, पंजा आणि वर एक बोट म्हणजे सहा. दोन की वीस, हजार की लाख, ते समोर उभ्या जनावरावरून दोघांनाही ठाऊक असतं. भाव पटला नाही तर हात काढून घ्यायचा. हात तिथंच ठेवला तर पटला. शेजारी उभ्या माणसाला काही कळत नाही, म्हणून तर उपरणं. लहानपणी अण्णांनी मला ते खेळ म्हणून शिकवलं होतं. त्यानंतर आम्ही दोघांनी तसा हात कधी धरला नव्हता.

मी त्यांची दोन बोटं दाबली. सोडली. मग अख्खा पंजा दाबला.

अण्णा साहेबांकडं बघत होते, ते तसेच बघत राहिले. चेहऱ्यावरची रेघ हलली नाही. पण उपरण्याखाली त्यांचा हात लाकडासारखा कडक झाला. मग त्यांनी माझी दोन बोटं दाबली, थांबले, आणि पंजा दाबला. विचारत होते. विसाचे पन्नास?

मी हात काढला नाही.

"पाव्हनं, जरा थांबा," अण्णा म्हणाले. पेन कागदाला टेकलं होतं, ते वर उचललं गेलं. "साहेब, वीस लाखाला पंचवीस वर्षांत एकून किती भरायचं, त्ये सांगा की."

साहेबांनी कळा दाबल्या. "पन्नास लाखांच्या थोडं वर."

"आनि पंधरात?"

"साडेछत्तीस."

बहिणीनं ओठ दाबला. जावई एकदा साहेबांकडं, एकदा मामांकडं बघायला लागला. अण्णा मागे रेलून बसले. गिऱ्हाइकाला सगळी घासाघीस करू दिली आणि मग दावं हातात घेतलं, अशा थाटात.

"मी बगत हुतो साहेब कुठवर जात्यात त्ये," ते जावयाला म्हणाले. "हप्ता हलका केला की वर्षं वाडत्यात, पाव्हनं. व्याज काय कमी हुत न्हाई, कापलं जातं आपलं मुद्दल. वीस हजार झेपत असतील तर वीसच ठिवा." मग साहेबांकडं वळून, "मदी ज्यादा पैसं भरलं तर दंड हाय का?"

"नाही बाबा. कधीही भरा. मुद्दलात जातात."

"मंग दर दिवाळीचा बोनस हितं आनायचा."

जावयानं हिशेब करून मान डोलावली. वीस झेपत होते त्याला, ओढाताण होऊन का होईना. पंधरा वर्षांच्या अर्जावर सही झाली. बाहेर आल्यावर तो मला बाजूला घेऊन म्हणाला, "दादा, मामांनी आधी साहेबाला कसं खेळवलं बघितलं का? मला वाटलं पंचवीस वर्षंच करतात की काय!" मी म्हणालो, "त्यांचं असंच आहे." जाताना बहिणीनं माझा दंड घट्ट धरला आणि सोडला.

स्टँडवर नगरची एसटी लागायची होती. अण्णा बाकावर बसले, दुखरा गुडघा लांब करून. मी पाण्याची बाटली आणली. ती त्यांनी घेतली नाही. बराच वेळ ते समोरच्या रसाच्या गाड्याकडं बघत होते. एरवी इतक्या वेळात आख्खा स्टँड त्यांच्या ओळखीचा झाला असता. मला वाटलं आता चिडतील, आधी का बोलला नाहीस म्हणतील. चिडले असते तर बरं झालं असतं.

त्यांनी उपरणं झटकलं नाही. नुसतं खांद्यावरून काढून आमच्या दोघांच्या मधे बाकावर ठेवलं आणि त्याखाली हात घातला.

"तुझं किती?"

"जाऊ द्या ना अण्णा."

"तुझं किती, म्हनलं."

मी हात घातला. पंजा दाबला. लगेच वर एक बोट दाबलं.

साठ लाखांच्या वर. त्यांनी डोळे मिटले. ओठ हलले, काहीतरी मनात मोजत होते. माझं वय मोजत असावेत, कारण म्हणाले, "म्हंजी तू घरी बसल्यावरबी."

"पाच वर्षं," मी म्हणालो.

"मोडता येतो का सौदा?"

"आता ते चार हजार परत वाढवले तर नोकरी असेपर्यंत फिटतं. पण ओव्हरटाइम बंद आहे. बघू काहीतरी."

उपरण्याखाली माझ्या हातावर त्यांची बोटं फिरली. पन्नास वर्षं दोर धरून खरबरीत झालेली बोटं. त्यांनी माझी चार बोटं एकत्र धरली आणि दाबली.

"अण्णा, नको. आई काय म्हणेल? दिवाळीनंतर बाजार बंद करायचा ठरलंय तुमचं."

"मी कापलं हुतं त्ये चार," ते म्हणाले. "माज्याकडं."

एसटी आली. लोक दाराकडं पळाले. कंडक्टर नगर, नगर म्हणून ओरडत होता. अण्णा उठले नाहीत. माझी चार बोटं धरून तसेच बसून राहिले, समोर बघत, चेहरा बाजारातल्यासारखा कोरा ठेवून. सत्तरी ओलांडलेला, गुडघ्यानं लंगडणारा माझा बाप दर आठवड्याला घोडेगावच्या धुळीत उभा राहणार होता, माझ्या घरासाठी. हात काढून घेतला असता तर सौदा मोडला असता. माझ्यापुढे मुलीची फी होती, बंद झालेला ओव्हरटाइम होता, त्रेसष्टावं वर्ष होतं.

मी हात काढला नाही.